मावशींचं ओव्हनातलं

शैलामावशी कुठल्याच मोर्चाला आल्या नाहीत. धरणं, सह्यांची मोहीम, मेणबत्त्या, कशालाच नाही. एकदा मी फारच आग्रह केला तेव्हा त्यांनी विचारलं, "तिथे बसायला काय असतं?"

"सतरंजी."

"मग नको. माझ्या गुडघ्यांचं सरकारशी भांडण नाही, सतरंजीशी आहे."

तरीही आमच्या गाझियाबादच्या सोसायटीत माझ्या पत्रकांनी जे काम झालं नाही, ते या बाईंनी केलं. तेही एक घोडचूक करून. मला माणसांवर लिहायची सवय नाही, पत्रकं लिहायची आहे. पत्रकात माणसं 'समस्त' असतात, 'पीडित' असतात, फार तर 'जागृत' असतात. मावशी यांतल्या काहीच नव्हत्या. त्यामुळे जमेल तसं लिहिते.

स्पर्धा परीक्षेच्या नादाने मी दिल्लीत आले आणि मुनिरकात अशा खोलीत राहिले, जिथे खिडकी उघडली की हात समोरच्यांच्या खिडकीत जायचा. परीक्षेचा नाद सुटला. घरकामगार बायकांच्या एका संघटनेत काम मिळालं, ऑफिस गाझियाबादेत होतं, म्हणून खोली शोधत मावशींच्या दारात आले. त्या एकट्याच राहायच्या. यजमान वारलेले, मुलगी बंगळुरूला. आयुष्य सरोजिनी नगरच्या सरकारी क्वार्टरात आणि एका मंत्रालयाच्या टायपिंग विभागात गेलेलं.

"काय करतेस?" त्यांनी विचारलं.

"चळवळ."

"भांडतेस?"

"तत्त्वासाठी."

"मग हरकत नाही. या घरात तत्त्व नाही. चहा घे."

पहिल्याच आठवड्यात त्या मला 'क्रांतिबाई' म्हणायला लागल्या. "क्रांतिबाई, गीझर बंद करा, ओव्हन लावायचाय." दोन्ही एकदम चालले की घरभर अंधार व्हायचा. ओव्हन म्हणजे जुना गोल अ‍ॅल्युमिनियमचा, झाकणाला काचेची खिडकी असलेला. त्याला हात लावायचा तर पायात रबरी चपला पाहिजेत, नाहीतर बारीक झटका बसायचा. मी म्हटलं, फेकून द्या, जीव जाईल. "जाईल तेव्हा जाईल. याच्यासारखी खरपूस कड नवीन ओव्हनांना येत नाही," मावशी म्हणाल्या. दाराशी रबरी चपलांचा आणखी एक जोड कायम असायचा, पाहुण्यांसाठी.

इतकी वर्षं दिल्लीत राहूनही त्यांची हिंदी साताऱ्याच्या बाहेर पडली नव्हती. "बबिता, फडका पिळ के डालो." "दार ढकल के जाओ." "भाजी निवड के रखो." बबिता त्यांच्याकडे आणि आणखी चार घरी कामाला होती. तिने ही हिंदी इतकी आत्मसात केली होती की दुसऱ्या घरी जाऊन ती म्हणायची, "भाभी, मैंने पिळ के डाल दिया." भाभीला वाटायचं हा काहीतरी नवा साबण असावा.

आणि त्यांची एक खोड मला फार आवडायची. सोसायटीत कामवाल्यांची लिफ्ट वेगळी आहे. सामानाची, कचऱ्याची आणि माणसांची एकच. मावशी कायम त्याच लिफ्टने जायच्या. गार्ड प्रत्येक वेळी दाखवायचा, "आंटीजी, आपकी वो वाली." मी समजले, हा निषेध आहे. मी भारावून त्यांना तसं बोलून दाखवलं. "निषेध कसला?" त्या म्हणाल्या, "ती लवकर येते. आपल्या लिफ्टमध्ये सगळे प्रत्येक मजल्यावर बाय-बाय करत बसतात."

आता ओव्हनातलं. त्या पदार्थाला नाव नव्हतं. मुलगी ऑफिसच्या कामाने अमेरिकेला गेली होती, तिथे कुणाच्या तरी घरी सणाच्या जेवणात तिने रताळं कुस्करून, वर अक्रोडाचा थर देऊन भाजलेला पदार्थ खाल्ला होता. काही लोक त्यावर साखरेचे पांढरे फुगीर गोळे घालतात, असंही तिने फोनवर सांगितलं. मावशींना ते लागलं. "रताळ्यावर साखर? रताळ्याला काय कमी आहे?" दुसऱ्या दिवसापासून प्रयोग सुरू.

थंडीत दिल्लीत गल्लोगल्ली शकरकंदीच्या गाड्या लागतात. निखाऱ्यावर भाजलेली, वर लिंबू नि मसाला. मावशी तिथे खायच्या, पण घरासाठी कच्ची रताळी भाजीवाल्याकडूनच. तांबड्या सालीची. शेंडा कट्‌कन मोडून बघायच्या. दोरे निघाले की परत. भाजीवाला वैतागायचा, "माताजी, खाना है कि पतंग उडाना है?" पण शेंडा मोडलेली रताळी तो दुसऱ्या कुणालाही विकायचा नाही, बाजूला ठेवायचा, कारण मावशी शेवटी तीही घ्यायच्या.

रताळी उकडायची नाहीत, ती पाणी पितात. सालासकट ओव्हनात ठेवायची, सालीतून चिकट पाक बाहेर येईपर्यंत. मग सोलून, गरम असतानाच हाताने कुस्करायची, चाळणीतून काढायची, म्हणजे उरलासुरला दोराही जातो. तूप, दूध, थोडा गूळ, जायफळ. आणि चिमूटभर मीठ. "मिठाशिवाय गोड मुकं लागतं," असं त्या दर वेळी म्हणायच्या, जणू मी विरोध केलाय.

वरचा थर हा त्यांचा खरा अभिमान. अमेरिकेत अक्रोड, आमच्याकडे अक्रोड नावापुरता. बाकी दाणे. मंद आचेवर भाजायचे, सालं चोळायची आणि बाल्कनीत सूप घेऊन पाखडायचे. सालं उडून खालच्या मजल्यावर वाळत घातलेल्या कपड्यांवर. खालून आवाज यायचा, "शैलाजी, फिर से?" मावशी वाकून उत्तर द्यायच्या, "हलकी हैं, झटक के जाती हैं. बाद में देती हूँ." आणि खरंच वाटीभर नेऊन द्यायच्या. कूट खलबत्त्यात, जाडसर. मिक्सरला परवानगी नाही. मिक्सर म्हणे दाण्याचा अपमान करतो. त्या कुटात सुकं खोबरं, चिरलेला गूळ, वेलची, तूप नि पुन्हा मिठाचे चार कण. रताळ्यावर पसरून ओव्हनात, वरून तडे जाईपर्यंत. मी मराठवाड्यातली, कूट मला नवा नाही. पण तो थर चमच्याने फोडताना जो कुरकुरीत आवाज यायचा, त्याने माझ्यासारखीचीही भाषणं बंद व्हायची.

एक गोष्ट मात्र मला पचायची नाही. दाणे पाखडून झाले की सालं, रताळ्याच्या साली, सगळा पसारा त्या माझ्या पत्रकांवर ठेवायच्या. मी एकदा चिडून बोलले.

"मावशी, ते शोषणाविरुद्धचं पत्रक आहे."

"वाचलंय मी. म्हणून तर घेतलं." त्यांनी चष्मा कपाळावर चढवला. "यात व्यवस्था आहे, धोरण आहे, मानसिकता आहे. बाई कुठाय?"

"सगळं बाईंबद्दलच आहे."

"नाही. बाई कुठाय ते दाखव. बोट ठेव."

मला बोट ठेवता आलं नाही. बबिता भांडी घासत होती, तिने आतून पुस्ती जोडली, "दीदी, कागज अच्छा है. मोटा है."

ते पत्रक कशाबद्दल होतं तेही सांगायला हवं, कारण पुढचं सगळं त्यावरच आहे. आमच्या सोसायटीत कुत्र्यांसाठी वेगळी बाग आहे, तिच्यात पाण्याचा नळ आहे. गाड्या धुवायला वेगळी जागा आहे. पण दिवसभर राबणाऱ्या बायकांना लघवीला जायला जागा नव्हती. होती, खरं तर. क्लबहाऊसच्या मागे बिल्डरने स्टाफसाठी म्हणून बांधलेलं एक स्वच्छतागृह होतं. त्याला कुलूप होतं आणि आत दिवाळीच्या माळा आणि प्लास्टिकच्या खुर्च्या ठेवल्या होत्या. खुर्च्यांना जागा, बायकांना नाही. सकाळी येणाऱ्या बायका दुपारपर्यंत दम धरायच्या. मावशींकडे बबिताचं काम सगळ्यात शेवटी, तेव्हा ती आमच्याच बाथरूमला जायची. तेही मी राहायला आल्यावर. त्याआधी मावशींनी कधी तिला म्हटलं नव्हतं, आणि तिनेही विचारलं नव्हतं. मी हा विषय काढला त्या दिवशी मावशींनी हातातलं सूप खाली ठेवलं. मग बबिताला म्हणाल्या, "बाथरूम उधर है. पूछना नहीं, जाना." एवढंच.

महाशिवरात्र जवळ आली तशी मावशींनी योजना सांगितली. त्या संध्याकाळी सोसायटीतल्या उपवासवाल्या बायका क्लबहाऊसमध्ये जमतात, प्रत्येकीने फराळाचं काहीतरी आणायचं. अध्यक्ष सुषमाजीही असणार. त्यांच्या हो-नाहीवर सोसायटीच्या मीटिंगचं हो-नाही ठरायचं, आणि मीटिंग त्याच रविवारी होती. "मी ओव्हनातलं नेते. खाऊन झालं की विषय काढते. तू गप्प बसायचं. जमेल?"

मी म्हटलं, प्रयत्न करते.

दोन मोठी भांडी भरून नेलं. बायका तुटून पडल्या. कुणी साबुदाण्याकडे बघेना. सुषमाजी उंच, नीटनेटक्या, बोलताना कधी आवाज न चढवणाऱ्या. त्यांनी दुसऱ्यांदा घेतलं. आमच्याकडे बघून हसल्यासुद्धा. मावशींनी मला कोपराने ढोसलं, बघ म्हणून.

"शैलाजी, इसमें है क्या क्या?" सुषमाजींनी विचारलं.

मावशींना हा प्रश्न विचारणं म्हणजे गवयाला तंबोरा देणं. त्या सुरू झाल्या. "शकरकंदी, उबालने की नहीं, भाजने की. उसमें तूप, गुड, जायफल. ऊपर शेंगदाणे का कूट, वो जाडसर चाहिए. अक्रोट, सूखा खोबरा. और थोडा नमक. नमक से मीठा उठ के आता है."

"सेंधा ना?"

"नहीं, रोज का."

सगळीकडे चमचे थांबले.

आपल्याकडे उपवासाला साधं मीठ चालतं. खिचडीत तेच, भगरीत तेच, कुणी विचारतही नाही. इकडे व्रताला फक्त सैंधव. साधं मीठ पोटात गेलं की व्रत मोडलं. आता इतकी वर्षं दिल्लीत काढून मावशींना हे कसं माहीत नव्हतं, असं कुणीही विचारेल. उपवास त्या घरात करायच्या, आणि सरोजिनी नगरात शेजारही मराठीच होता. मलाही माहीत नव्हतं. मी उपवास करत नाही, मला माहीत असायचं कारणच नव्हतं.

एक बाई रडवेली झाली. दुसरी म्हणाली, पंडितजींना फोन करा. कुणीतरी मागून म्हणालं, "इन मराठी लोगों का कुछ पता नहीं." सुषमाजींनी वाटी टेबलावर ठेवली, ओठ पुसले आणि निघून गेल्या. लग्नाआधीपासून त्यांचं शिवरात्रीचं व्रत एकदाही मोडलं नव्हतं, हे आम्हाला मागाहून कळलं.

घरी येईपर्यंत माझा पारा चढला होता. मी म्हटलं, "मिठाच्या खड्यावरून एवढा तमाशा? घराघरांत बायका पाणी न पिता राबतात, त्याने यांचा धर्म बुडत नाही, आणि मिठाने बुडतो? उद्या मी यावर पत्रक काढते. सगळ्यांच्या दाराखालून सरकवते."

मावशी रिकामं भांडं घासत होत्या. "काढ. पण आधी एक ऐक. तिचं व्रत मोडलं ते खरंच मोडलं. तुला पटत नाही म्हणून ते मोडलं नाही, असं होत नाही."

"पण तुम्ही मुद्दाम केलं नाहीत."

"मुद्दाम केलं असतं तर पत्रक काढलं असतं. चुकून केलंय, आता माफी मागायची."

दुसऱ्या दिवशी सकाळी त्या साडी बदलून तयार झाल्या. मी विचारलं, सोबत काय नेताय? काही करून देऊ का?

"काही नाही. खायला घेऊन गेलं की ती माफी राहत नाही, लाच होते."

मी मागे मागे गेले. गप्प बसायच्या अटीवर. सुषमाजींनी दार उघडलं, बसा म्हणाल्या, पण आवाज कोरडा होता. बबिता तिथेच हॉलमध्ये फरशी पुसत होती. सकाळची वेळ तिची तिथली.

मावशी बसल्या नाहीत. "सुषमाजी, आपका व्रत मेरी वजह से टूटा. हमारे में चलता है, वो मेरा कारण हुआ, आपका नहीं. मुझे पूछना चाहिए था. माफ करना."

 बहुधा सुषमाजींची भांडणाची तयारी होती, माफीची नव्हती. "एक बार पूछ लेतीं, शैलाजी. बस इतनी सी बात थी."

"हाँ. इतनी सी ही थी." मावशी म्हणाल्या. मग बबिताकडे हात करत, "पूछने का रह ही जाता है. ये बबिता मेरे घर इतने साल से है. दिन भर में कहाँ जाती है, कहाँ नहीं, मैंने कभी पूछा नहीं. इस लडकी ने आ के पूछा, तब मालूम पडा."

सुषमाजींना आधी कळलंच नाही. मग कळलं. त्या बबिताकडे वळल्या. "मतलब? तू कहाँ जाती है?"

बबिताने पोछा बादलीत बुडवला. "कहीं नहीं, भाभी."

"कहीं नहीं मतलब?"

"सुबह से पानी नहीं पीती ना. फिर नहीं लगता." आणि तिने सवयीने पोछा पिळला.

"गर्मी में भी?"

"गर्मी में तो और नहीं. गर्मी में चक्कर आता है, पर चल जाता है."

माझ्या जिभेवर अख्खं पत्रक आलं होतं. मावशींनी माझा दंड धरून ठेवला होता, चांगला घट्ट.  सुषमाजी आत गेल्या आणि पाण्याचा ग्लास घेऊन आल्या, तो त्यांनी बबितासमोर धरला. बबिता घेईना. तिला तो ग्लास म्हणजे पेच होता, कारण अजून तीन घरं बाकी होती. सुषमाजींना तेही कळायला एक क्षण लागला. मग त्यांनी बाथरूमकडे हात केला. बबिताने मावशींकडे बघितलं. मावशी म्हणाल्या, "जाओ. पूछना नहीं."

रविवारी मीटिंगमध्ये सुषमाजी उठल्या आणि म्हणाल्या, क्लबहाऊसच्या मागचं टॉयलेट स्टाफसाठी उघडावं, असा त्यांचा विचार आहे. सुरक्षेचं काय, एकाने विचारलं. स्वच्छतेचं काय, दुसऱ्याने. सुषमाजी शांतपणे म्हणाल्या, ज्या बायका रोज आपली घरं साफ करतात त्या एक टॉयलेट साफ ठेवू शकतात, आणि नाही ठेवलं तर सोसायटीचा सफाईवाला आहे, त्यालाही तिथेच जायचंय. खुर्च्यांचं काय, असं कुणीतरी विचारलं, आणि लोक हसले. ते हसले तेव्हा मला कळलं की झालं.

बाहेर आल्यावर मी कुरकुरले. "'मेरा विचार' म्हणे. संघटनेचं नाव नाही, तुमचं नाही, कुणाचंच नाही."

"नाव तिचं, संडास बबिताचा," मावशी म्हणाल्या. "तुला काय पाहिजे? कोनशिला?"

त्या आठवड्यात बबिता एक पुडी घेऊन आली. सुषमाजींनी पाठवलेली. आत सैंधवाचे गुलाबी खडे. निरोप होता, "अब बनाइए." मावशींनी खलबत्त्यात तेच कुटलं, तेच घालून ओव्हनातलं केलं, चाखून बघितलं आणि मान्य करायचं नाही असं ठरवून म्हणाल्या, "काही फरक नाही." मग पुढच्या वेळेपासून साधं मीठ त्या पदार्थात पडलं नाही.

गुडघे मात्र सैंधवाने बरे होईनात. थंडी संपली तशी मुलगी येऊन त्यांना बंगळुरूला घेऊन जाणार असं ठरलं. ओव्हन मला दिला, चपलांसकट. जायच्या सकाळी टॅक्सी खाली लागली, मुलगी सामान ठेवत होती, मी पिशव्या उचलत होते, आणि मावशी दिसेनात. वाटलं, निरोप घ्यायला सुषमाजींकडे गेल्या असतील. तिथे नव्हत्या.

क्लबहाऊसच्या मागे सापडल्या. स्वच्छतागृहाबाहेर तीन बायकांची रांग होती, त्यांच्या शेवटी मावशी, एक हात भिंतीला टेकवून. गार्ड त्यांच्यापुढे कावराबावरा उभा होता. "आंटीजी, ये स्टाफ का है. क्लब वाला खोल देता हूँ."

"मैं क्या साहब हूँ? जिंदगीभर टायपिंग किया है."

रांगेत पुढे बबिता होती, हातात पाण्याची बाटली, अर्धी संपलेली. ती बाजूला झाली. "आंटी, आप पहले जाओ. आपकी गाडी खडी है."

"नहीं. नंबर से."

टॅक्सीवाल्याने हॉर्न दिला. मुलीने हाक मारली, "आई, फ्लाइट आहे." मावशींनी भिंतीवरचा हात न काढता दुसरा हात वर करून तिला थांबायची खूण केली आणि पुढच्या बाईशी काहीतरी बोलायला लागल्या. त्यांचा नंबर अजून आला नव्हता.